गोठ्याजवळची माय

आठ वर्षांचा होईपर्यंत मला वेणी होती. कमरेपर्यंत रुळणारी, खोबरेल चोपडून घट्ट घातलेली आणि टोकाला लाल रिबीन बांधलेली. आज माझ्या डोक्यावर जो काही शिल्लक माल आहे तो पाहून हे कोणाला खरं वाटत नाही. नातवंडं तर पुरावा मागतात. पुरावा म्हणून एकच फोटो आहे, शाळेच्या स्नेहसंमेलनातला, आणि त्यात मी सीता झालो आहे. गुरुजींना सीतेसाठी पोर शोधायची गरजच पडली नाही. 'याला केसांचा टोपसुद्धा लागणार नाही,' म्हणाले आणि मोकळे झाले. रामाचं काम ज्याच्याकडे होतं तो वर्गात माझ्याच मागे बसायचा आणि गणिताच्या तासाला माझी वेणी दौतीत बुडवायचा. असा राम कोणाच्या वाट्याला येऊ नये.

वेणीमागचं कारण साधं होतं. माझ्याआधी झालेली दोन्ही मुलं आईच्या हाती लागली नव्हती. मी झालो तेव्हा मोठी मायने, म्हणजे माझ्या आजीने, मूळ गावच्या देवीला नवस बोलून टाकला की हे पोर जगलं तर त्याचं जावळ तुझ्यापुढेच उतरवीन, तोवर डोक्याला वस्तरा लागणार नाही. मी जगलो. नुसता जगलो नाही, तर दोन भाकरी जास्त खाऊन जगलो. अडचण एवढीच होती की आमचं मूळ गाव कोणतं, हे घरात कोणालाच माहीत नव्हतं. आमचे पूर्वज गुजरातेतून उठून तापीकाठी आले, इथली काळी जमीन पाहून थांबले आणि कापूस, केळी, ऊस करत इथलेच झाले. येताना त्यांनी काय आणलं, काय टाकलं, याची नोंद मोठी मायच्या बोलण्यात होती तेवढीच. ती म्हणायची, 'तथूनच उनूत आपण.' उनूत म्हणजे आलो, पण तथून म्हणजे कुठून, तर ती हात लांब करून मावळतीकडे दाखवायची. तिकडे आमचं केळीचं वावर होतं.

घर आमचं धाब्याचं, मातीच्या सपाट छपराचं. पुढे ओसरी, बाजूला गोठा, गोठ्याला लागून निंबाचं झाड. दिवस उजाडायचा तो आईच्या ताक घुसळण्याच्या घुमण्याने आणि मागोमाग विहिरीवरच्या इंजिनाच्या ठकठकीने. चुलीवर कळण्याची, म्हणजे ज्वारी-उडदाच्या पिठाची, भाकरी टम्म फुगायची आणि खाली निखाऱ्यात वांगी फटफट आवाज करत सोलून निघायची. भरीत बडगीत कुटायचं काम माझं. बडगी म्हणजे लाकडी परात, आणि कुटायला लाकडी बत्ता. हिरव्या मिरच्यांचा ठसका लागून डोळ्यांत पाणी आलं की भरीत झालं असं समजायचं. घरात आम्ही आमची गुजरी बोलायचो, म्हणजे गुजरातीची एक मोडकीतोडकी चुलत बहीण. ओसरी उतरलो की अहिराणी, आणि शाळेच्या पायरीवर पाय ठेवला की मराठी. चपला बदलाव्यात तशा आम्ही बोली बदलायचो आणि त्यात काही विशेष आहे असं कोणालाही वाटत नव्हतं. त्या निंबाखाली एक लहानसा मातीचा ओटा होता आणि त्यावर मुठीएवढा, शेंदराने माखलेला एक गोल दगड. त्याला आम्ही गोठ्याजवळची माय म्हणायचो. मोठी माय रोज दूध काढायच्या आधी तिला तेलाचं बोट लावायची. एरवी ती आम्हा पोरांना लपंडावात राज्य घ्यायला उपयोगी पडायची.

दर पंधरवड्याला सुकलाल न्हावी यायचा. गल्लीतली सगळी पोरं एकेक करून त्याच्यापुढे बसत आणि हलक्या डोक्याने तापीत उड्या मारायला पळत. मी ओसरीवर वेणी घेऊन बसलेलो. मला पोहायला मनाई होती, कारण एवढे केस वाळत नाहीत आणि पोराला सर्दी होते. आयुष्यात पुढे मला बऱ्याच गोष्टी हव्याशा वाटल्या, काही मिळाल्याही, पण सुकलालच्या पाटावर बसायला मिळावं ही जी इच्छा होती तिच्याइतकी तीव्र इच्छा पुन्हा झाली नाही.

"मोठी माय, ह्या पोऱ्यानी वाट दखी दखी मन्हा वस्तरा गंजी गया," सुकलाल म्हणायचा.

"गंजू दे. त्या केस पोऱ्याना नही शेतस, मायना शेतस. तिन्हासमोरच उतरतीन."

"मंग ती माय शे तरी कोठे?"

"तेच ते माहीत नही ना, भो!"

माहीत होतं ते एका माणसाला, आमच्या वहीवंच्याला. आमच्या समाजात पिढ्यांची नावं लिहून ठेवणारा एक माणूस असतो. तो गुजरातेत राहतो आणि काही वर्षांनी एकदा लाल कापडात गुंडाळलेली लांबलचक वही घेऊन घरोघर येतो. जन्मलेल्यांची नावं चढवतो, जुनी वाचून दाखवतो. आमचा वहीवंचा माझ्या जन्माआधी येऊन गेला तो पुन्हा फिरकलाच नाही. कोणी म्हणे आजारी आहे, कोणी म्हणे वारला. माझी वेणी खांद्यावरून पाठीवर, पाठीवरून कमरेवर आली तरी त्याचा पत्ता नाही. शेवटी कापूस वेचणीच्या दिवसांत एका दुपारी तो आला, काठी टेकत, जिवंत. त्याला पाहून मोठी माय हरखली, पण तिच्यापेक्षा जास्त मी हरखलो. त्याचे पाय मीच धुतले आणि इतके जोरात धुतले की तो ओरडला.

रात्रीपर्यंत थांबायचीही कोणाची तयारी नव्हती. त्याने ओसरीवरच वही उलगडली. आधी माझं नाव चढवलं. मग तो चालीवर वाचू लागला, माझ्या वडिलांपासून, म्हणजे आप्पांपासून मागे मागे. आप्पांचे वडील ओळखीचे, त्यांचे वडील ऐकलेले, त्यापुढची नावं आमच्यापैकी कोणीच कधी ऐकलेली नव्हती. तरीही आई पदर सावरून उभी राहिली, जणू ती सगळी माणसं एकामागून एक ओसरी चढत होती. सगळ्यात शेवटी, म्हणजे सगळ्यात आधी, एका गावाचं नाव आलं. मही नदीच्या काठचं. मोठी मायने ते तीनदा म्हणून घेतलं आणि आप्पांना म्हणाली, "मेटाडोर सांग."

आता मागे वळून पाहताना आप्पांचं कौतुक वाटतं. कपाशी वावरात उभी, उसाला तोड आलेली, आणि हा माणूस एका वेणीसाठी मेटाडोर ठरवतो. मागे सतरंजी टाकून आम्ही सगळे बसलो. आई, मोठी माय, आप्पा, मी, आणि देवीपुढे वस्तरा चालवायचा मान आपलाच म्हणून सुकलालही. डब्यात दशम्या, लसणाची चटणी आणि हिरव्या मिरचीच्या ठेच्याची बरणी. ती बरणी मोठी मायच्या मांडीवर होती, कारण गुजरातेत म्हणे भाजीत गूळ घालतात आणि तिचा तिच्या पूर्वजांवर विश्वास असला तरी त्यांच्या स्वयंपाकावर नव्हता. सुकलाल वाटेत दर फाट्यावर वस्तरा काढून चामड्याच्या पट्ट्यावर घासायचा. तो आवाज आला की मी मान पुढे करून बसायचो.

गाव सापडलं. सापडलं म्हणजे काय, पारावरच्या माणसांना आप्पांनी आमच्या कुळाचं नाव सांगितलं आणि अर्ध्या तासात सगळं गाव मेटाडोरभोवती गोळा झालं. आम्हाला एका घरी नेलं. घरची म्हातारी होती जीवीबा. बारीक, ताठ, कानात जड सोनं. मोठी माय आमच्या गुजरीत बोलू लागली तशी तिथल्या बायका पदर तोंडाला लावून हसायला लागल्या. आपली बोली मोडकी आहे हे मोठी मायला पहिल्यांदाच कळत होतं. तिचा चेहरा पडला. पण जीवीबा हसत नव्हती. ती पुढे सरकून मोठी मायच्या तोंडाकडे पाहत राहिली आणि म्हणाली, "आवुं तो मारी दादी बोलती!" म्हणजे असं तर माझी आजी बोलायची. गावातून जे शब्द कधीच निघून गेले होते ते आमच्या घरात तापीकाठी रोज वापरात होते. जीवीबाने मोठी मायला आणखी बोलायला लावलं. सुपाला काय म्हणता, उंबऱ्याला काय म्हणता, नणंदेला काय म्हणता. प्रत्येक शब्दाला ती टाळी वाजवायची. हसणाऱ्या बायका गप्प झाल्या आणि मोठी माय अशी काही खुलली की विचारूच नका.

मग जेवणं. बाजरीचा रोटला, खिचडी, कढी आणि ओळो. ओळो म्हणजे चक्क आपलं भरीत, तेच भाजलेलं वांगं, पण मवाळ. मोठी मायने एक घास घेतला, थांबली, आणि मांडीवरची बरणी उघडली. पाहुण्यांचा ठेचा म्हणून यजमानांनीही प्रेमाने वाढून घेतला. पुढचा काही वेळ त्या घरात पाणी, ताक आणि गूळ यांची जी धावपळ झाली ती पाहून सुकलाल मला म्हणाला, "दख, ह्या आपला नातेवाईक नहीत. नातेवाईक ऱ्हातात तर रडतात का?"

जेवण उरकल्यावर मोठी मायने विषय काढला. पोराचं जावळ राहिलंय, देवी कुठे आहे?  जीवीबा उठली आणि आम्हाला गावाबाहेर घेऊन गेली. एका जुन्या रायणीच्या झाडाखाली दगडी ओटा होता. ओट्यावर ताजी फुलं होती, तेल ओतलेलं होतं, दिवा होता. देवी नव्हती. मधोमध एक गोल खळगा, बस.

जीवीबाने सांगितलं ते असं. फार मागे एका दुष्काळात गावातलं एक घर गाडी जुंपून निघून गेलं. सकाळी गाव पाहतं तर ओट्यावर माता नाही. तेव्हापासून गाव रिकाम्या खळग्यातच तेल घालतं आणि मुलांची जावळं शेजारच्या गावच्या देवीपुढे उतरवतं. त्या गावाची मिजास तेव्हापासून सोसावी लागते. आणि पिढ्यानपिढ्या त्या पळालेल्या घराला शिव्या घातल्या जातात. त्या घराचं नाव गाव विसरलं होतं, पण ते तापीकडे गेलं हे विसरलं नव्हतं. जीवीबा बोलता बोलता थांबली. तिने आप्पांकडे पाहिलं, मोठी मायकडे पाहिलं, आणि मागे जमलेल्या घोळक्यातून कोणीतरी ओरडलं, "अल्या, आ ज तो पेला चोर!"

हेच ते चोर. मी आप्पांच्या धोतरामागे गेलो. मोठी माय इतकी संतापली की तिची गुजरी सुटली आणि थेट अहिराणी बाहेर पडली. "चोर कोनले म्हनतस? मायना मनमा नही व्हतं तर ती हालती का?" कोणाला एक अक्षर कळलं नाही, पण जोर कळला. आप्पा हात जोडून सांगत होते की आमच्या घरी अशी कोणतीही देवी नाही, देव्हाऱ्यात पितळी टाक आहेत तेवढेच. जीवीबाने शांतपणे विचारलं, काळा दगड, मुठीएवढा, आणि कमरेला पांढरा पट्टा, असा कुठे पाहिलात का? आप्पा नाही म्हणाले. पाहिलाच नव्हता. आणि मला वाचा फुटली. मी म्हटलं, "गोठ्याजवळची माय?"

 मग मोठी मायला एकेक आठवायला लागलं. तिच्या सासूने मरताना सांगितलं होतं, घर बदलशील तर आधी गोठ्याजवळची माय हलव, मग चूल. का, ते तिने विचारलं नव्हतं. सासूला का विचारायची तेव्हा रीत नव्हती. काखेत कळसा आणि गावाला वळसा ही म्हण आम्ही शाळेत शिकलो होतो, पण आमचा वळसा मही नदीपर्यंत जाऊन आला होता, तोही वस्तऱ्यासकट. तरी खात्री कुठे होती? त्या दगडावर शेंदराचे इतके थर होते की आतला रंग कोणीच पाहिला नव्हता. जीवीबाने ठरवून टाकलं. ती येऊन पाहणार. तिथल्या तिथे तिने एक गाठोडं बांधलं आणि मेटाडोरमध्ये येऊन बसली. परतीच्या वाटेवर मोठी मायने ठेच्याची बरणी उघडलीही नाही. मला वाटलं, ती थकली. आता कळतं की ती घाबरली होती. पट्टा निघाला नाही तर नातवाचं जावळ कायमचं राहिलं, आणि पट्टा निघाला तर ही म्हातारी माय उचलून घेऊन जाईल. सुकलालने वस्तरा पिशवीतून काढला नाही.

आम्ही घरी पोचलो तेव्हा सगळी गल्ली अंगणात. आईने तेल कोमट केलं. मोठी माय तेलाची वाटी घेऊन नुसतीच उभी होती म्हणून जीवीबा पुढे झाली. तिने तेल चोळत चोळत शेंदूर सैल केला आणि नखाने एका बाजूने उचलला. नारळाची करवंटी सुटावी तशी ती जुनी खोळ एका तुकड्यात निघून तिच्या हातात आली. खाली काळाकुळकुळीत दगड. त्याच्या कमरेला पांढरा पट्टा, जानव्यासारखा बारीक.

 जीवीबाने दगड दोन्ही हातांनी उचलून छातीशी धरला आणि ती रडली. मोठी मायही रडली, पण तिची नजर जीवीबाच्या हातांवर होती.  मग जीवीबाने दगड हळूच पुन्हा ओट्यावर ठेवला, डोळे पुसले आणि मोठी मायला म्हणाली, "राख तारी पासे. हवे तो एने तमारां मरचां फावी गयां हशे." ठेव तुझ्याकडेच, आता तिला तुमच्या मिरच्या मानवल्या असतील. आधी मोठी माय हसली, मग अंगण हसलं, मग ज्यांना गुजराती कळली नव्हती तेही हसले. हसता हसता जीवीबाने मोठी मायच्या पाठीत एक धपाटा घातला आणि म्हणाली, "चोट्टी!" हा शब्द दोन्हीकडे सारखाच निघाला.

सुकलालने पाट मांडला. जावळ झेलायला आत्या लागते आणि मला आत्या नव्हती. जीवीबा पुढे येऊन बसली, म्हणाली, फोई मी. तिने पदर पसरला. वेणीचा पेड पहिल्यांदा तुटला तेव्हा मान इतकी हलकी झाली की मी पाटावरून कलंडणार होतो. आठ वर्षांचे केस तिच्या पदरात जमले. ते तापीत सोडायचे होते, पण जीवीबाने त्यांची गाठ मारून ती कमरेला खोचली. तुमच्याकडे माय आहे ना, मग आमच्या ओट्यावर हे राहू दे, म्हणाली. आईने त्या दिवशी खापरावर पुरणाचे मांडे केले. मी तीन खाल्ले आणि पोरांबरोबर तापीवर गेलो. पाण्यात डोकं बुडवलं तेव्हा पाणी थेट टाळूला लागलं. एवढा आनंद मला नंतर लग्नातही झाला नाही, हे बायकोला माहीत आहे.

पुढे त्या गावचे लोक जावळांसाठी आमच्या अंगणात यायला लागले ते आजतागायत येतात. येताना गूळ आणतात, जाताना ठेचा नेतात. त्यांचं मूळ गाव आता आमच्या गोठ्याजवळ आहे, असं मी त्यांना चिडवतो.

परवा माझी नात मीनल येऊन गेली. ती कॅनडात असते, तिथल्या विद्यापीठात स्थलांतराचा अभ्यास करते. माणसं गाव सोडतात तेव्हा कोण राहतात आणि कोण होतात, असं काहीतरी. रेकॉर्डिंगला मोबाइल समोर ठेवून तिने सातपुड्यातल्या मोलगीच्या बाजारात लोकांशी गप्पा मारल्या, धरणात बुडालेल्या मणिबेलीहून उठावं लागलेल्या एका म्हाताऱ्याला भेटली. त्याने घराचे सागवानी खांब खांद्यावर आणले होते. त्याचं ऐकून आली त्या संध्याकाळी ती जेवली नाही. मग माझी पाळी. "आजोबा, तुम्ही स्वतःला कोण समजता? गुजराती, खानदेशी की मराठी?" मी म्हटलं, ताट वाढ, मग सांगतो. तिने हे लिहून घेतलं. मला वाटतं, तिला ते उत्तर वाटलं.

तिच्या दीड वर्षाच्या लेकीचं जावळ आम्ही निंबाखालीच उतरवलं. सुकलालच्या नातवाने, बॅटरीच्या मशीनने. मुलीचं कशाला, म्हणणारे एक-दोन होते, त्यांना मी मांडे वाढून गप्प केलं. केस तापीत सोडायला मीनल एकटीच गेली. दोन दिवसांनी ती रात्रीच्या गाडीने निघाली. मी झोपेतच आशीर्वाद दिला.

सकाळी तेलाची वाटी घेऊन गोठ्याजवळ गेलो तर ओट्यावर माय नव्हती. मधोमध एक गोल खळगा, आणि त्यात हातरुमालाची एक लहानशी पुरचुंडी. गाठ सोडली. आत बाळाचे मऊ, तांबूस केस.

मी ओट्याच्या कडेला बसलो.  गाईने दोनदा हंबरून पाहिलं. मग फोन लावला. ती विमानतळावर होती.

"रागावलात ना, आजोबा?" तिचा आवाज लहान झाला होता. "तिकडे आपली चार घरं झालीत आता. कोणाला तरी न्यावंच लागणार होतं."

"बॅगेत नीट ठेवलीय का?"

"स्वेटरमध्ये गुंडाळून. तपासणीत विचारलं, हे काय. मी म्हटलं, घरचं माणूस."

 माझ्या तोंडून एकच शब्द बाहेर पडला. "चोट्टी!" ती हसली, आणि हसता हसता रडायला लागली. मी फोन ठेवला, केसांची गाठ पुन्हा नीट बांधली, खळग्यात ठेवली आणि बाजूने तेल घातलं. मग दूध काढायला घेतलं.